गोरखचिंच: नावाचा अर्थ, उगम आणि झाडाची ओळख (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

गोरखचिंच म्हणजे आफ्रिकेतला बाओबाब, शास्त्रीय नाव ॲडन्सोनिया डिजिटाटा. महाराष्ट्रात हे झाड तुरळक आहे. त्यामुळे कुणी नाव ऐकलेले असते पण झाड पाहिलेले नसते, तर कुणाच्या रोजच्या वाटेवर झाड असते आणि नाव ठाऊक नसते. इथले बरेचसे प्रश्न नावाबद्दलचे आहेत. झाड ओळखणे आणि बियांपासून रोप करणे याबद्दलही हमखास विचारणा होते, म्हणून तेही घेतले आहे.

"गोरखचिंच" या शब्दाचा अर्थ काय?

गोरख आणि चिंच या दोन शब्दांचा हा समास आहे. "गोरख" हे "गोरक्ष" या संस्कृत शब्दाचे लोकांच्या तोंडी झालेले रूप. गोरक्ष म्हणजे गाई राखणारा, पण झाडाच्या नावात हा अर्थ अभिप्रेत नाही. तिथे गोरख म्हणजे नाथपंथातले गोरक्षनाथ ऊर्फ गोरखनाथ. "चिंच" आली ती फळाच्या आंबट चवीवरून. तेव्हा सरळ अर्थ "गोरखनाथांची चिंच".

गुराखी हे फळ खातात म्हणून "गुराख्यांची चिंच", असे काही जण सांगतात. ते बरोबर आहे का?

नाही. एकट्या मराठीपुरते पाहिले तर हा अर्थ पटण्यासारखा वाटतो, पण शेजारच्या भाषा पाहिल्या की टिकत नाही. हिंदीत हे झाड "गोरख इमली" आहे आणि गुजरातीत "गोरख आमली". तिथे गुरे राखणाऱ्याला गोरख म्हणत नाहीत, ग्वाला किंवा गोवाळ म्हणतात. शिवाय गोरखाच्या नावाने ओळखली जाणारी ही एकच वनस्पती नाही. गोरखमुंडी आहे, कपूरमाधुरीला हिंदीत गोरखगांजा म्हणतात. या सगळ्यांमागे गुराखी नसून जोगी आहेत. रानोमाळ फिरणारे, वनस्पती वापरणारे नाथपंथी जोगी आपल्या गुरूचे नाव वनस्पतींना देत गेले, किंवा लोकांनी त्या वनस्पतींना जोग्यांच्या नावाने ओळखले.

या झाडाचे खऱ्या चिंचेशी नाते आहे का?

अजिबात नाही. चिंच शेंगावर्गीय, म्हणजे फॅबेसी कुळातली. गोरखचिंच माल्व्हेसी कुळातली. पूर्वी तिला सावरीच्या बॉम्बॅकेसी कुळात धरत, आता ते कुळ माल्व्हेसीत सामावले गेले आहे. काटेसावर आणि पांढरी सावर या तिच्या जवळच्या नातलग. पान, फूल, खोड, फळाची ठेवण यांतले काहीही चिंचेसारखे नाही.

मग चिंच का? कारण फळ फोडले की आतला गर आंबट लागतो. त्यात सायट्रिक, मॅलिक आणि टार्टारिक आम्ले असतात. चिंचेचा आंबटपणाही मुख्यतः टार्टारिक आम्लाचाच, तेव्हा जिभेची ओळख चुकलेली नाही. फरक गराच्या पोतात आहे. चिंचेचा गर तपकिरी आणि चिकट, तर गोरखचिंचेचा पांढुरका, कोरडा, बोटांत चुरडला तर पिठासारखा होणारा. बिया या कोरड्या गरात आणि तंतूंच्या जाळ्यात रुतलेल्या असतात.

नवे फळ हाती आले की माणूस त्याला चवीने ओळखतो, वर्गीकरण फार पुढची गोष्ट. मेक्सिकोकडून आलेल्या, गोडसर गराच्या झाडालाही आपण "विलायती चिंच"च म्हणतो, तिथे तर नुसत्या शेंगेच्या आकारावर भागवले.

"चिंच" हा शब्द कुठून आला?

संस्कृतात "चिञ्चा" आहे. तेलुगूत चिंचेला "चिंत" म्हणतात, आणि हा शब्द द्राविड भाषांतून संस्कृतात व पुढे मराठीत आला असे मानले जाते. हिंदीतली "इमली" निराळ्या घराण्यातली. ती "अम्लिका", म्हणजे आंबट, या शब्दापासून निघाली.

गंमत अशी की जिच्या नावाने आपण बाओबाबला ओळखतो ती चिंचही मूळची आफ्रिकेतलीच. फार जुन्या काळी ती भारतात आली आणि इतकी रुळली की अरबांनी तिला "तमर-हिंदी", म्हणजे हिंदुस्थानी खजूर, असे नाव दिले. पुढे युरोपात तेच नाव "टॅमरिंड" झाले आणि शास्त्रीय नावातही "इंडिका" लागले. एका आफ्रिकी झाडाला दुसऱ्या आफ्रिकी झाडाचे नाव मिळाले, आणि दोन्हींकडे पाहून कुणाला आफ्रिका आठवत नाही.

पण नाव गोरखनाथांचेच का?

सर्वांत जास्त सांगितले जाणारे कारण म्हणजे गोरखनाथांनी या झाडाखाली बसून शिष्यांना उपदेश केला. ही श्रद्धा आहे, इतिहास म्हणून ती मांडू नये. मात्र तिच्यामागची परिस्थिती समजून घेण्यासारखी आहे.

या झाडाचे खोड अवाढव्य, अनेकदा आतून पोकळ. वर्षाचे कित्येक महिने ते निष्पर्ण उभे असते. गावाजवळ असे एकच झाड असते आणि त्याचे वय कुणालाच सांगता येत नाही. असे झाड खुणेचे ठिकाण होते. फिरस्ते तिथे उतरतात, कुणी धुनी पेटवतो, आणि मग झाडाला स्थानमाहात्म्य येते. मध्ययुगात भारतभर पायी फिरणाऱ्यांत नाथपंथी जोगी अग्रभागी होते. महाराष्ट्रात तर या पंथाची मुळे खोल आहेत: मत्स्येंद्रनाथ, गोरक्षनाथ, गहिनीनाथ, निवृत्तिनाथ आणि ज्ञानेश्वर अशी गुरुपरंपरा वारकरी मंडळी आजही सांगतात. अनोळखी, विचित्र दिसणाऱ्या झाडाला सिद्धपुरुषाचे नाव मिळणे या वातावरणात स्वाभाविक होते.

फळाचे टणक, लाकडासारखे कवच पोकळ करून भांडे म्हणून वापरता येते. गुजरातच्या किनाऱ्यावर कोळी ते जाळ्याला तरंग म्हणून बांधत. जोग्यांच्या पात्राशी नावाचा संबंध जोडणारे स्पष्टीकरणही म्हणून ऐकू येते, पण ते नंतर सुचलेले वाटते. नावात "चिंच" आहे, पात्र किंवा तुंबा नाही.

गोरखनाथांच्या काळात हे झाड भारतात होते का?

गोरखनाथांचा काळ बहुतेक अभ्यासक अकराव्या-बाराव्या शतकाच्या आसपास धरतात. प्रयागराजजवळ झूंसी येथे गंगेच्या काठी असलेल्या बाओबाबचे रेडिओकार्बन पद्धतीने, म्हणजे लाकडात उरलेल्या किरणोत्सारी कार्बनवरून, वय काढले गेले. ते साडेसातशे वर्षांहून अधिक भरले. म्हणजे तेराव्या शतकात तरी झाड उत्तर भारतात उभे होते. दोन काळ जवळजवळ येऊन टेकतात, पण तेवढ्यावरून दंतकथा सिद्ध होत नाही. पोर्तुगीजांनी हे झाड पहिल्यांदा भारतात आणले, हे सर्रास लिहिले जाणारे विधान मात्र यामुळे खोटे ठरते. पोर्तुगीज 1498 मध्ये कालिकतला पोचले. झूंसीचे झाड तोवर दोनशे वर्षांचे होऊन गेले होते.

नाव इतके देशी आहे, म्हणजे झाडही देशीच ना?

नावावरून झाडाचे मूळ ठरवू नये. या विषयातली सर्वांत मोठी चूक तीच. सीताफळ आणि रामफळ ही दोन्ही झाडे अमेरिका खंडातून आलेली, नावे मात्र रामायणातली. लोक परक्या झाडाला घरात घेतात तेव्हा आपल्या दैवताचे किंवा साधूचे नाव देऊन टाकतात. त्या नावातून झाडाचा स्वीकार कुणी आणि कसा केला एवढे कळते, ते आले कुठून याचा पत्ता लागत नाही.

भारतातल्या बाओबाबांचा जनुकीय अभ्यास 2015 मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात दिसले की ही झाडे एकदाच नव्हे तर अनेक खेपांत आली आणि त्यांचे जवळचे नाते पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्यावरील झाडांशी आहे. अरबी समुद्रातला व्यापार आणि त्याबरोबर आलेली आफ्रिकी माणसे हा त्यामागचा मार्ग. भारतात जुनी झाडे कुठे आहेत पाहा: मांडू, विजापूर, गोवळकोंडा, गुजरातचा किनारा. यांपैकी बहुतेक सुलतानी राजवटींची ठाणी किंवा बंदरांचा मुलूख, जिथे हबशी सैनिक, सरदार आणि खलाशी होते. अहमदनगरच्या निजामशाहीचा मलिक अंबर किंवा जंजिऱ्याचे सिद्दी ही त्याच इतिहासातली नावे. सुके फळ महिनोन्‌महिने टिकते, हलके असते आणि आतल्या बिया सुरक्षित राहतात. जहाजावरच्या शिधोरीतून ते सहज प्रवास करू शकते.

मांडूला याला "खुरासानी इमली" का म्हणतात? खुरासान तर इराणकडे आहे.

हो, आणि खुरासानात हे झाड वाढत नाही. समुद्रापलीकडून, मुसलमानी राज्यांच्या वाटेने आलेल्या वस्तूला एखाद्या दूरच्या, वजनदार मुलखाचे नाव लागले, इतकाच त्याचा अर्थ. आपण "विलायती" शब्द असाच सैल वापरतो. मराठीत याच फळाला "मांडवची चिंच" म्हटलेलेही आढळेल; मांडव म्हणजे मांडू. तिथे फळे आजही विकायला असतात.

इतर भारतीय भाषांत काय म्हणतात?

गुजरातीत "गोरख आमली"बरोबर "रुखडो" हे नाव जास्त चालते. त्याचा संबंध "रूख" म्हणजे वृक्ष या शब्दाशी आहे. कन्नडमध्ये "दोड्ड हुणसे", म्हणजे मोठी चिंच. हावेरी जिल्ह्यातल्या सावनूरला तर या झाडांवरून मठाचेच नाव दोड्डहुणसे मठ पडले आहे. तमिळमध्ये "आनैप्पुळिय मरम", म्हणजे हत्तीचिंचेचे झाड, आणि "पेरुक्क मरम" अशी नावे आहेत. श्रीलंकेतल्या मन्नारच्या जुन्या बाओबाबांनाही तमिळ लोक पेरुक्क मरमच म्हणतात. हैदराबादला गोवळकोंड्याच्या नया किल्ल्यात सुमारे 27 मीटर घेराचा बाओबाब आहे, त्याला दखनीत "हत्तियाँ का झाड" म्हणतात. राखाडी, सुरकुतलेले, फुगलेले खोड पाहिले की हत्ती का आठवला हे सांगावे लागत नाही.

सगळी नावे एकत्र ठेवली की दिसते, बहुतेक ठिकाणी पाया "चिंच" हाच आहे. बदलते ते पुढचे विशेषण: गोरख, मोठी, हत्ती, खुरासानी.

कल्पवृक्ष आणि पारिजात म्हणजे हेच झाड का?

काही ठिकाणी होय. राजस्थानात अजमेरजवळ मांगलियावास येथील बाओबाबांना कल्पवृक्ष मानतात आणि हरियाली अमावास्येला तिथे जत्रा भरते. उत्तर प्रदेशात बाराबंकी जिल्ह्यातल्या किंतूरचा बाओबाब "पारिजात" म्हणून पूजला जातो. पुराणातला, समुद्रमंथनातून निघालेला वृक्ष कुठला या प्रश्नाला तिथल्या लोकांनी दिलेले ते उत्तर आहे.

मराठी वाचकाचा गोंधळ इथे वाढतो, कारण आपला पारिजातक म्हणजे केशरी देठाच्या पांढऱ्या फुलांचे छोटे झाड, निक्टँथिस आर्बोर-ट्रिस्टिस. हिंदी मजकुरात "पारिजात वृक्ष" वाचून कुणी भाषांतर करताना प्राजक्ताच्या फुलांचे वर्णन चिकटवतो आणि मग प्राजक्ताला 15 मीटर घेराचे खोड फुटते. हिंदी मजकुरात प्रचंड घेर किंवा हजार वर्षे वय लिहिलेले दिसले की तो बाओबाब समजावा.

"बाओबाब" हा शब्द कोणत्या भाषेतला?

अरबीतून युरोपात गेलेला. व्हेनिसच्या प्रजासत्ताकातला वैद्य प्रॉस्पेरो अल्पिनी इजिप्तमध्ये राहून आला आणि 1592 मध्ये त्याने इजिप्तच्या वनस्पतींवर पुस्तक काढले. कैरोच्या बाजारात मिळणाऱ्या या फळाचे नाव त्याने "बाहोबाब" असे नोंदवले. त्यामागचे अरबी नाव "बू हिबाब" असावे, म्हणजे पुष्कळ बियांचे फळ, असे सर्वसाधारणपणे मानतात. अल्पिनीने पाहिले ते फळ. झाड इजिप्तमध्ये वाढत नाही, ते दक्षिणेकडचे. म्हणजे इथेही नाव पडले ते फळावरूनच.

झाडाचे वर्णन त्याआधीचे आहे. मोरोक्कोचा प्रवासी इब्न बतूता 1352 मध्ये पश्चिम आफ्रिकेतल्या मालीच्या राज्यात जाताना वाटेतल्या प्रचंड, पोकळ झाडांबद्दल लिहितो. काहींच्या पोकळीत पावसाचे पाणी साठते आणि ते लोक पितात. एका झाडाच्या पोटात तर विणकर माग मांडून बसला होता.

शास्त्रीय नावातला ॲडन्सोनिया कोण?

मिशेल आदांसाँ (1727–1806), फ्रेंच निसर्गशास्त्रज्ञ. तो 1749 मध्ये सेनेगलला गेला, तिथे काही वर्षे राहिला आणि या झाडाचे त्याने बारकाईने वर्णन केले. वनस्पतींना शास्त्रीय नावे देण्याची पद्धत रूढ करणारा स्वीडिश शास्त्रज्ञ लिनियस याने त्याच्या सन्मानार्थ प्रजातीला ॲडन्सोनिया नाव दिले. ॲडन्सोनिया डिजिटाटा हे नाव 1759 मध्ये प्रसिद्ध झाले. खुद्द आदांसाँला ते रुचले नाही. झाडांना माणसांची नावे देण्यापेक्षा स्थानिक नावेच ठेवावीत असे त्याचे मत होते आणि तो "बाओबाब"च लिहीत राहिला. नियमाप्रमाणे लिनियसचे नाव टिकले.

"डिजिटाटा" म्हणजे बोटांसारखे. एका देठाच्या टोकाला पाच ते सात पर्णिका पंजासारख्या पसरतात, त्यावरून.

सगळ्या बाओबाबांना गोरखचिंच म्हणावे का?

नाही. ॲडन्सोनिया प्रजातीत आठ जाती मानल्या जातात: सहा फक्त मादागास्करमध्ये, एक वायव्य ऑस्ट्रेलियात, आणि एक आफ्रिकेच्या मुख्य भूमीवर. भारतातली जुनी झाडे या शेवटच्या जातीची, म्हणून गोरखचिंच हे नाव तिच्यापुरतेच ठेवावे. मादागास्करच्या रस्त्याकडेला रांगेत उभे असलेले उंच, गुळगुळीत खांबांसारखे बाओबाब छायाचित्रांत सारखे दिसतात. ती ॲडन्सोनिया ग्रँडिडिएरी ही वेगळी जात. त्या छायाचित्राखाली "गोरखचिंच" छापणे चूक आहे. ऑस्ट्रेलियातल्या जातीला तिथे "बोआब" म्हणतात, ती छपाईची चूक नव्हे.

"उलटे झाड" हे नाव कशामुळे?

पाने गळल्यावर फांद्या मुळांसारख्या दिसतात म्हणून. देवाने रागावून झाड उपटले आणि उलटे रोवले, अशा कथा आफ्रिकेत अनेक ठिकाणी आहेत.

मराठीत नाव कसे लिहावे आणि चालवावे?

एकच शब्द: गोरखचिंच. मध्ये जागा सोडू नये. समासातले शेवटचे पद चिंच असल्यामुळे शब्द स्त्रीलिंगी: ती गोरखचिंच, त्या गोरखचिंचा, गोरखचिंचेचे झाड, गोरखचिंचेखाली. "गोरखचिंचचे झाड" हे रूप कानाला खटकते आणि चूकही आहे. "गोरक्षचिंच" असे संस्कृत वळणाचे रूपही छापलेले दिसते. ते चुकीचे नाही, पण लोकांच्या बोलण्यात "गोरख" आहे, तेच ठेवावे असे आम्हांला वाटते. बाओबाब हा शब्द पुल्लिंगी चालतो.

झाड नेमके कसे ओळखावे?

एकाच खुणेवर विसंबू नये. ऋतूप्रमाणे खुणा बदलतात.

हिवाळ्यापासून पावसाळ्याच्या तोंडापर्यंत झाड बहुधा निष्पर्ण असते. त्या काळात खोड पाहावे: राखाडी, कधी तांबूस झाक असलेली, बरीचशी गुळगुळीत साल, काटे नाहीत, आणि उंचीच्या मानाने घेर भलताच मोठा. लांब देठांना टांगलेली जुनी फळे असली तर शंकाच उरत नाही. फळ साधारण 15 ते 25 सेंटिमीटर लांब, दोन्ही टोकांना निमुळते किंवा दुधीसारखे, वरून हिरवट-तपकिरी मखमली लव, आत लाकडी कवच.

पावसाळ्यात पंजासारखी पाने येतात. फुलेही उन्हाळ्याच्या शेवटापासून पावसाळ्यापर्यंत येतात: पांढरी, मोठी, पसरट 12 ते 20 सेंटिमीटर, लांब देठावर खाली तोंड करून लोंबणारी. मध्यभागी शेकडो पुंकेसरांचा गोंडा असतो. फूल संध्याकाळी उमलते आणि दुसऱ्या दिवशी तपकिरी पडून गळते, म्हणून ते पाहायचे तर अंधार पडताना जावे. वास गोड नसतो, काहीसा उग्र, कुजकट. परागीभवन करणाऱ्या वटवाघळांना तोच हवा असतो.

कोणत्या झाडांशी गल्लत होते?

पांढरी सावर, म्हणजे सेइबा पेंटँड्रा, हिच्याशी सर्वांत जास्त. पानेही पंजासारखी आणि खोडही जाड. पण पांढऱ्या सावरीच्या फांद्या खोडातून आडव्या, मजल्यामजल्याने निघतात, कोवळ्या खोडावर काटे असतात आणि फळ फुटले की कापूस निघतो. गोरखचिंचेच्या फळात कापूस नसतो. काटेसावर काट्यांवरून आणि लाल फुलांवरून लगेच वेगळी काढता येते.

लांब दोरीला टांगल्यासारख्या फळांमुळे किगेलियालाही लोक गोरखचिंच म्हणतात. त्याचे पान पंजासारखे नसून पिसासारखे, दोन्ही बाजूंना पर्णिका असलेले असते. फूल गडद तांबडे.

रोपवाटिकेत फसगत होते ती पचिरामुळे. "मनी ट्री" म्हणून विकल्या जाणाऱ्या या रोपाचे खोड तळाशी फुगते आणि पानेही पंजासारखीच असतात. बाओबाब म्हणून महाग रोप घेण्यापूर्वी पाने पाहावीत: पचिराची चकचकीत आणि बहुधा वर्षभर टिकणारी, बाओबाबची मऊसर, हिवाळ्यात गळणारी.

"हे झाड हजार वर्षांचे आहे" असे फलक असतात. खरे मानावेत का?

नुसत्या घेरावरून केलेला दावा असेल तर मानू नये. गोरखचिंचेचे लाकूड मऊ, स्पंजासारखे, पाण्याने भरलेले असते. वाढीची वलये पुसट असतात, आणि मोठ्या झाडाचे पोट पोकळ असल्याने आतली वलये उरतच नाहीत. अनेकदा एक खोड वाटते ते प्रत्यक्षात जवळजवळ उगवून जुळलेल्या खोडांचे वर्तुळ असते. पाणी चांगले मिळालेले दोनशे वर्षांचे झाड कोरड्या जागेतल्या पाचशे वर्षांच्या झाडापेक्षा जाड असू शकते. विश्वासार्ह पद्धत एकच: खोडाच्या वेगवेगळ्या भागांतून आणि पोकळीच्या भिंतींतून नमुने घेऊन रेडिओकार्बन चाचणी. झिम्बाब्वेतला पान्के नावाचा बाओबाब अशा चाचणीत सुमारे 2450 वर्षांचा निघाला. तो 2011 च्या सुमारास कोसळून मेला.

बियांपासून रोप कसे करावे?

बी कठीण कवचाचे असते, पाणी आत शिरत नाही. तसेच पेरले तर महिनोन्‌महिने मातीत पडून राहते आणि फार थोडे उगवते. म्हणून आधी कवच मोकळे करावे लागते.

फळ फोडून गर पाण्यात भिजवावा, बिया चोळून धुवाव्यात. तरंगणाऱ्या बिया टाकून द्याव्यात. बी मूत्रपिंडाच्या आकाराचे असते. त्याच्या खाचेच्या बाजूला गर्भ असतो, ती बाजू सोडून पाठीकडचे कवच पॉलिश पेपरने किंवा कानशीने आतला फिकट थर दिसेपर्यंत घासावे, त्यापुढे नाही. मग कोमट पाण्यात 24 तास ठेवावे. बिया पुष्कळ असतील तर प्रत्येक बी घासत बसण्यापेक्षा उकळून खाली उतरवलेले पाणी बियांवर ओतावे आणि त्यातच गार होऊ देऊन दुसऱ्या दिवसापर्यंत ठेवावे. बिया आचेवर उकळू नयेत, शिजतात. दुसऱ्या दिवशी फुगलेल्या बिया पेराव्यात. न फुगलेल्यांना तोच उपचार पुन्हा द्यावा.

दोन भाग जाड वाळू, एक भाग माती, एक भाग चांगले कुजलेले खत असे मिश्रण घ्यावे. पिशवी किमान 30 सेंटिमीटर खोल असावी, कारण सोटमूळ आधी खाली धावते आणि गाजरासारखे जाड होते. उथळ कुंडीत ते वळते आणि असे रोप पुढे जमिनीत खुंटते. बी 2 सेंटिमीटर खोल पेरावे. हवा उबदार हवी, 25 ते 35 अंश. मार्च ते मे हा काळ सोयीचा. उपचार केलेले बी साधारण एक ते चार आठवड्यांत वर येते. कवच बीजपत्रांना चिकटून राहिले तर ओढू नये, दिवसातून दोनदा पाणी फवारले की सुटते.

रोपे मरतात ती बहुतेक वेळा जास्त पाण्याने. उगवल्यावर देठ मातीलगत मऊ पडून रोप आडवे झाले तर ती मूळकूज. मिश्रणात वाळू कमी आहे किंवा पाणी रोज दिले जाते आहे. दुसरी वेळ हिवाळ्याची. रोपाची पाने गळतात, ते वाळले असे समजून लोक जास्त पाणी घालतात आणि झोपलेले मूळ कुजवतात. निष्पर्ण रोपाला पाणी जवळजवळ बंद करावे. खोडाची साल नखाने किंचित खरवडली आणि खाली हिरवे दिसले तर रोप जिवंत आहे.

रोप फूट-दीड फूट झाले की पावसाळ्याच्या सुरुवातीला 60 सेंटिमीटर लांब-रुंद-खोल खड्ड्यात लावावे. पाणी साचणारी जागा नको. भिंत, पाइप, रस्ता यांपासून किमान 10 ते 12 मीटर अंतर ठेवावे. आज हे अंतर जास्त वाटते, नातवंडांना कमी पडेल. पहिली काही वर्षे कुंपण लागते, कारण गुरांना पाला आवडतो. बियांपासून वाढलेल्या झाडाला फुले यायला आठ-दहा वर्षे ते वीसहून अधिक वर्षे लागतात, कलमी झाडाला चार-पाच.

माझ्या रोपाला पंजासारखी पाने नाहीत, साधी आहेत. बी चुकीचे आले का?

नाही. सुरुवातीची पाने साधी, एकेरीच असतात. पुढे तीन पर्णिका, मग पाच अशी वाढ होते.

फळ खाता येते का?

येते. गर चोखून खातात किंवा पाण्यात कालवून, गाळून, साखर घालून सरबत करतात. क जीवनसत्त्व भरपूर असते, पण झाडाझाडाप्रमाणे प्रमाण खूप बदलते. युरोपीय संघाने वाळलेल्या गराला 2008 मध्ये खाद्य म्हणून मान्यता दिली. जमिनीवर पडून कवच तडकलेले फळ घेऊ नये. ओल शिरली की गर पिवळा-तपकिरी पडतो आणि बुरशी धरतो. पश्चिम आफ्रिकेत कोवळ्या पानांची भाजी करतात, वाळलेल्या पानांची पूड रश्शात घालतात.

एखाद्या झाडाच्या नावाचा उगम शोधायचा असेल तर सुरुवात कुठून करावी?

आधी झाड पक्के करावे, नाव नंतर. पारिजाताचे उदाहरण वर आलेच आहे; एका नावाची दोन झाडे असतील तर सगळा शोध वाया जातो. शास्त्रीय नाव हाती आले की मराठीला लागून असलेल्या गुजराती, हिंदी, कन्नड, तेलुगू, कोकणी नावांची यादी करावी. समान तुकडा दिसला तर तो जुना, आणि जे बदलते ते स्थानिक. मग नावाचे तुकडे पाडावेत, कोणता तुकडा चव, रंग, आकार सांगतो आणि कोणता व्यक्ती किंवा मुलूख, ते पाहावे. मोल्सवर्थच्या मराठी-इंग्रजी कोशाची 1857 ची आवृत्ती उघडावी. एकोणिसाव्या शतकात लोकांच्या तोंडी असलेले शब्द त्यात मोठ्या प्रमाणावर आहेत. फार गोड जुळणारी व्युत्पत्ती सापडली तर ती शेजारच्या भाषेत लावून पाहावी. तिथे ती मोडली, जशी गुराख्यांची मोडते, तर सोडून द्यावी.

झाडावर नावाची पाटी लावायची आहे. काय लिहावे?

वर मोठ्या अक्षरांत "गोरखचिंच", खाली "बाओबाब", त्याखाली शास्त्रीय नाव ॲडन्सोनिया डिजिटाटा, कुळ माल्व्हेसी, मूळ स्थान आफ्रिका. स्थानिक लोक दुसरे काही म्हणत असतील तर तेही लिहावे, वगळू नये. वय चाचणीने काढलेले नसेल तर लिहू नये. त्याऐवजी छातीच्या उंचीवर, जमिनीपासून 1.3 मीटरवर मोजलेला घेर आणि मोजल्याचे वर्ष लिहावे. महाराष्ट्राच्या शहरी भागातील झाडांच्या कायद्यात 2021 च्या दुरुस्तीने 50 वर्षे वा त्याहून जुन्या झाडांना वारसा वृक्षाचा दर्जा दिला आहे, तेव्हा वृक्षगणनेच्या नोंदीतही हेच नाव आणि हाच घेर लागला आहे ना, ते पाहून घ्यावे. पाटी खिळ्याने ठोकू नये. साल मऊ आणि आतले लाकूड पाणीदार असल्याने जखमेतून कूज शिरते. शेजारी खांब रोवून त्यावर लावावी.